डंपरची अंघोळ

डंपरने रूपेशच्या मनगटाचा लचका तोडला, तसा मिथुन अंगणात पडलेली लोखंडी सळई उचलून धावला. डंपर हा कुत्रा. शिरवण्याच्या या मिथुनच्या खडी वाहणाऱ्या गाड्या आहेत, म्हणून हौसेनं ठेवलेलं नाव. वासराएवढा तिबेटी मॅस्टिफ, अंगावर गोधडीसारखे दाट केस. थंड मुलखातलं जनावर खाडीकाठच्या घामट हवेत आणायचं कशाला, हे विचारायची सोय नाही. बरं, आणलं तर धुवायचं कसं? कळंबोलीच्या यार्डात, ट्रकच्या चाकाला साखळीनं बांधून, गाड्या धुतात त्याच प्रेशरच्या नळीनं! दोनदा धुतला. तेव्हापासून बादली वाजली तरी तो दात विचकी.

आता मिथुनच्या लेकीची, मनस्वीची हळद तोंडावर आली होती. पाहुण्यांत कुत्रा मिरवायचा होता, आणि कुत्र्याला कुजका वास मारत होता. म्हणून ड्रायव्हर रूपेशनं अंगणात पंप लावून नळी धरली आणि मनगट घालवलं.

"संपवतोच याला!" मिथुन ओरडला.

पहिली सळई कुत्र्याच्या पाठीत बसली. दुसरी मिथुनच्या आईच्या, पुतळाच्या खांद्यावर बसली, कारण ती मध्ये घुसली होती.

पुतळाला माराची ओळख जुनी. तरुणपणी नवऱ्याचा, गोटीरामचा मार तिनं भरपूर खाल्ला आणि एके दिवशी मुसळ घालून त्याचं ढोपर फोडलं. पुढे गोटीराम मरेपर्यंत तिच्याशी अदबीनं बोलला. गाव तिला कजाग म्हणे. म्हणो बापडं.

"आये, सर बाजूला! फाडंल तुला!"

"फाडू दे. तू हो फाटकाबाहेर. रूपेशला दवाखान्यात धाड, आनि तो पंप बंद कर आधी."

पंप थांबला. पुतळानं पाय घसरू नयेत म्हणून फरशीवर गोणपाट टाकलं, पातेल्यात कोमट पाणी आणलं आणि नुसतीच बसून राहिली. कुत्र्याची धाप उतरली, तेव्हा तांब्यानं पंजांवर पाणी सोडलं. मग मांड्या, मग पोट. डोक्याला हात नाही, कानाजवळ थेंब नाही. केसांच्या गाठी बोटांनी सोडवत ती मानेपर्यंत पोचली. तिथे साखळी मांसात रुतली होती, जखमेत अळ्या वळवळत होत्या. वास होता तो हा!

बोट लागलं मात्र, डंपरनं तिचा पंजा जबड्यात धरला. दात आत गेले. ओढला तर फाटणार, म्हणून तिनं हात ओढला नाही.

"सोड रं बाला. मीच हाय."

त्यानं सोडलं. रक्त ओल्या केसांत ओघळलं. ते पाहून मिथुन सळई घेऊन आत आला. पुतळानं पितळेचा तांब्या असा भिरकावला की त्याचं कपाळ फुटलं.

"आये! पोरीची हळद हाय, नि माझं डोकं फोडलंस?"

"मंग लाव थोरी हळद त्याला. आयक, सरकारनं जमिनीच्या बदल्यात दिलेला साडेबारा टक्क्यांचा प्लॉट माझ्या नावावर हाय, वरची चार माळ्यांची बिल्डिंग पन. हा कुत्रा गेला, तर तू बी जाशील. सळई टाक, कटर आन."

मिथुननं सळई टाकली. कटर आणला, पण जवळ यायची छाती होईना. लांबूनच फरशीवरून सरकवला. पुतळानं रक्ताळल्या हातानं मानेखालची कडी तोडली. डंपर थरथरत उभा राहिला, पळाला नाही.

"सूनबाय," तिनं आत हाक मारली, "अजून एक पातेलं तापव. पाठ कोरडीच रायली हाय."