कोठडीचं दार

शन्शल हवालदाराची नोकरी एका दारावर अडली होती. दार लोखंडी, जाड गजांचं, चौघांनी उचलावं असं. ते असायला हवं होतं ठाण्याच्या कोठडीला, आणि होतं हाजी मुतशरच्या मेंढवाड्याला. सगळ्या खुवैसा गावात कडेकोट बंदोबस्त काय तो हाजीच्या मेंढ्यांचा.

ठाण्याचं दार मेंढवाड्याला गेलं कसं, असं विचारणारा माणूस त्या वर्षी गावात नव्हता म्हणायचा. बगदादमधलं सरकार पडलं त्या दिवशी पोलीस घरी गेले आणि गाव ठाण्यात गेलं. पंखा न्हाव्याने नेला, टेबल मास्तरांनी नेलं, आणि फौजदाराची फिरती खुर्ची अशी काही फिरली की शेवटी सुईणीच्या घरी सापडली. भिंती तेवढ्या राहिल्या, त्या खांद्यावर मारून नेता येत नाहीत म्हणून. शन्शल तेव्हा गणवेश गादीखाली घालून वर झोपला होता, त्यामुळे आपण काहीच पाहिलं नाही, असं तो शपथेवर सांगतो. त्याची बायको नजीबा सांगते, की ठाण्याची पितळी किटली त्याच दिवशी आमच्या चुलीवर आली आणि ती काही स्वतःच्या पायांनी आली नव्हती.

वर्षभराने परदेशी फौजेच्या ध्यानात आलं, की देश पोलिसांवाचून चालत नाही. मग शहरात नेऊन तीस-तीस दिवसांत पोलीस तयार करायला लागले. आमच्या वाट्याला चार आले. नवे बूट, नवी पिस्तुलं, उभं राहणं झकास. पण कोण कोणाचा मेहुणा आणि कोणाचं कोणाशी कधीपासून वाकडं, याचा पत्ता नाही. आमच्याकडे ज्याला नाती कळत नाहीत, त्याने पोलिसात सोडा, लग्नाच्या जेवणालासुद्धा जाऊ नये. म्हणून बावीस वर्षं नोकरी झालेल्या शन्शलला परत बोलावलं, पण तात्पुरतं. गुरुवारी परदेशी कॅप्टन पाहणीला येणार. सगळं जागेवर असेल तर ठाणं उघडणार आणि शन्शल कायम. नाही तर ठाण्याला कुलूप, पोरं शहरात आणि शन्शल घरी, नजीबाच्या नजरेखाली. कागदावर त्याने महिन्यापूर्वीच लिहून दिलं होतं, ‘कोठडीचं दार: आहे.’ खोटं काय त्यात? दार होतंच. कुठे आहे ते कागदाने विचारलं नव्हतं.

बाकीचं सामान त्याने गोडीगुलाबीने गोळा केलं. न्हाव्याकडे रोज पंख्याखाली बसून गिऱ्हाइकांना जुन्या चोऱ्यांच्या गोष्टी ऐकवायला लागला, तर चौथ्या दिवशी न्हाव्याने स्वतःच शिडी लावून पंखा उतरवला. किटलीसुद्धा परत गेली, नजीबाच्या शिव्या खात. घोडं अडलं ते हाजीपाशी. त्याला धरावं म्हटलं तर कोंडायचा कुठे, मेंढवाड्यात?

सरळ मागावं, तर आमच्याकडे मोठं मागणं तोंडाने करत नाहीत. पाहुणा बैठकीत बसतो, समोर कडू कॉफीची प्याली येते, पाहुणा ती न पिता खाली ठेवतो. यजमान काय ते समजतो आणि म्हणतो, “पी, तुझं काम झालं.” मग मागणं सांगायचं. खानदानी घरात पाहुण्याची कॉफी निवू दिली तर गावात नाक कापलं जातं. शन्शल याच हिशेबाने सोमवारी हाजीच्या बैठकीत जाऊन बसला. हाजीने चहा मागवला. चहा कितीही खाली ठेवा, त्याला कोणी विचारत नाही. मंगळवारी सकाळी ताक आलं, दुपारी कलिंगड, संध्याकाळी नदीतला भाजलेला मासा. कॉफीचा मात्र वाससुद्धा नाही. हाजीने दाढी काही उन्हात पिकवली नव्हती.

नजीबा म्हणाली, “दार आणायला जाता आणि पोट तेवढं घेऊन येता.”

पण खरी गोष्ट सांगायची तर शन्शलला मागायला तोंडच नव्हतं. एक्याण्णव साली सरकारविरुद्ध झालेल्या बंडात हाजीचा एकुलता एक मुलगा मुहन्नद धरला गेला होता. वय एकोणीस. अकरा दिवस तो त्याच दाराआड होता आणि किल्ली शन्शलच्या कमरेला. बाराव्या दिवशी शहरातून ट्रक आला, शन्शलनेच दार उघडून दिलं आणि पोरगा गेला तो गेला. मातीत ठेवायला हाडसुद्धा मिळालं नाही. गाव हाजीला अजून अबू मुहन्नद म्हणतं, मुहन्नदचा बाप. या तेरा वर्षांत हाजी शन्शलशी सरळ शब्द बोलला नव्हता, आणि शन्शलला त्याची लाज वाटायची. कोणाला सांगत नसे, पण वाटायची.

बुधवारी दुपारी धूळ उडवत गाड्या आल्या. कॅप्टन एक दिवस आधीच हजर! म्हणे, पाहणी उद्याच करू, आज गावातल्या थोरांना सलाम करायचाय. शन्शल पुढे झाला आणि कॅप्टनला अन् त्याच्या दुभाष्याला हाजीच्या बैठकीत घेऊन गेला. आता आली का पंचाईत? सातासमुद्रापलीकडचा पाहुणा, त्याला काय ताक पाजणार? हाजीने स्वतः उठून कॉफी ओतली. आधी कॅप्टनला, आणि ओळीत बसलाय म्हणून नाइलाजाने शन्शलला.

शन्शलने प्याली हळूच चटईवर ठेवली.

कॅप्टनला छावणीत शिकवलं होतं, की बैठकीत शेजारचा गाववाला करील तसंच करायचं. त्यानेही आपली प्याली तितक्याच हळू चटईवर ठेवली.

बैठकीत जमलेल्या वीस माणसांनी माना वळवल्या. रणगाडे घेऊन आलेली फौज हाजी मुतशरच्या दारी मागणं घेऊन बसली! हाजी पाच वर्षांनी तरुण दिसायला लागला. त्याने दाढीवरून हात फिरवला आणि सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणाला, “प्या साहेब. तुमचं काम झालं.”

दुभाष्याने कॅप्टनच्या कानाला लागून सगळं समजावलं, तसा तो बिचारा कानापर्यंत लाल झाला. आता काहीतरी मागणं भाग होतं. जरा विचार करून त्याने मागितलं, की उद्या ठाणं उघडताना हाजीने मानाचा पाहुणा म्हणून यावं. हाजी म्हणाला, आलोच समजा.

मग सगळ्यांच्या नजरा दुसऱ्या प्यालीकडे गेल्या. परक्याची कॉफी उचलायची आणि घरच्याची निवू द्यायची, तीही परक्यासमोर? हाजी शन्शलकडे बघत राहिला, बघत राहिला.

“पी,” तो शेवटी म्हणाला. “तुझंही झालं.”

शन्शलने घोट एका दमात घेतला आणि जीभ पोळून घेतली. कॅप्टनच्या देखत दाराचं नाव काढायची सोय नव्हती. तो म्हणाला, “एवढंच मागणं हाजी, उद्या येताना रिकाम्या हातांनी येऊ नका.”

दुभाष्याने तेही सांगून टाकलं. कॅप्टन दोन्ही हात हलवत म्हणाला, की नाही नाही, पोलिसांनी भेटी घेणं नव्या नियमात बसत नाही. हाजीने नुसतं एवढंच म्हटलं, “भेट कसली? ज्याचं त्याला.”

गुरुवारी उजाडताच हाजी आला. ट्रकमध्ये दार, दाराबरोबर चार पुतणे आणि गवंडी. मेंढ्यांचे केस गजांना तसेच चिकटलेले, ते शन्शलने घाईघाईने पुसले. दार बसलं. बिजागरींना तेल हाजीने स्वतः घातलं.

“आत जा,” तो शन्शलला म्हणाला.

“कशाला?”

“नीट बसलंय का, आतून बघ.”

बावीस वर्षांत शन्शल त्या कोठडीत कधी गेला नव्हता. तो आत गेला, मागे कुलूप लागलं आणि किल्ली हाजीच्या खिशात गेली. शन्शल कळवळून काही म्हणणार, एवढ्यात बाहेर गाड्या थांबल्या.

कॅप्टनने खिडक्या मोजल्या, नळ सोडून पाहिले, पंखा फिरवला आणि कोठडीपाशी येऊन थबकला. आत ठाण्याचा हवालदार. शन्शलने गजांआडून कडक सलाम ठोकला आणि सांगितलं, “बंदोबस्ताची चाचणी चालू आहे, साहेब.” कॅप्टनने दार दोन वेळा हिसडून पाहिलं, हललं नाही. त्याने कागदावर खूण केली, गजांतून हात घालून शन्शलचा हात हलवला आणि दुभाष्याकरवी कळवलं, की असा कामसू माणूस आजवर एकाही ठाण्यात भेटला नाही. मग सगळी मंडळी अंगणात चहाला गेली. ठाणं पास झालं, शन्शल कायम झाला, आणि अजून आतच होता.

हाजी गेला नाही. त्याने फौजदाराची फिरती खुर्ची ओढली आणि दारासमोर बसला.

“अकरा दिवस तू इथे होतास,” तो म्हणाला. “मला आत सोडलं नाहीस. तो रडायचा का?”

शन्शलला चांगलंचुंगलं काही बनवून सांगता आलं असतं. पण गजांच्या या बाजूने त्याला ते जमेना.

“नाही, हाजी. माझी नक्कल करायचा.”

“काय?”

“मी बाहेरून गस्त घालायचो, पोट पुढे काढून, किल्ल्या वाजवत. तो आतून माझ्या बरोबरीने तसाच चालायचा. कैदी लोळायचे हसून. मी चिडून एकदा त्याला काठी मारली. दुसऱ्या दिवशी त्याने काठी मारणाऱ्या शन्शलची पण नक्कल केली.” त्याने गज धरला. “काठी मारायला नको होती मी.”

अंगणातून हाका यायला लागल्या, भाषणं व्हायची होती आणि हवालदार कुठे गेला, म्हणून.

“करून दाखव,” हाजी म्हणाला.

तेव्हा शन्शल हवालदार, कोऱ्या गणवेशात, कोठडीच्या या भिंतीपासून त्या भिंतीपर्यंत चालला. पोट पुढे, मान ताठ, आणि बोटांत नसलेल्या किल्ल्या वाजवत. स्वतःसारखा नाही, त्या पोरासारखा, तो करायचा अगदी तसा. वळताना पोरगा गर्रकन वळायचा आणि मिशी न फुटलेल्या ओठावर शन्शलसारखा पीळ द्यायचा, तेही त्याने केलं.

हाजीच्या तोंडून आधी नुसता खोकल्यासारखा आवाज आला. मग तो हसला, खुर्चीचा हात धरून, डोळ्यांतून पाणी वाहत, तेरा वर्षांत कोणी त्याला हसताना पाहिलं नव्हतं तसा. उठून त्याने किल्ली कुलपात घातली, पण फिरवली नाही.

“पुन्हा एकदा,” तो म्हणाला.