ओठांतून जाणारा सांधा

चेहरा नऊ टनांचा निघाला आणि क्रेनवाल्याने फोनवरच हात टेकले.

"ड्राइव्हवेत माझी क्रेन शिरत नाही," तो म्हणाला. "रस्त्यावर उभी करावी तर डोक्यावर विजेच्या तारा. आणि अख्ख्या घरावरून हात लांबवून नऊ टन उचलायचे? येह, नाह. जमणार नाही."

क्रेनचा हात जितका लांब जाईल, तितकं कमी वजन तिला उचलता येतं. भरलेली बादली अंगाशी धरून जिना चढता येतो. तीच हात लांब करून धरून बघा. मला हे कळत नव्हतं असं नाही. पण तो चेहरा मी काढला होता आणि तो मला फार आवडला होता.

मी न्यूझीलंडात, पेनरोजमधल्या एका प्रीकास्ट यार्डात डिझाइन इंजिनिअर आहे. प्रीकास्ट म्हणजे काँक्रीटचे भाग कारखान्यात साच्यात ओतायचे आणि मग साइटवर नेऊन जोडायचे. जिने, भिंती, पाण्याच्या टाक्या. चेहरा आमच्याकडे पहिल्यांदाच आला होता.

तो घेऊन आली सोखा. ती कंबोडियन, मनुरेवात तिची बेकरी आहे. मीटिंगला येताना ती खोकं भरून मिन्स-अँड-चीज पाय (खिमा आणि चीज भरलेले, भाजलेले तळहाताएवढे पाय) आणायची, त्यामुळे तिच्या मीटिंगला आमच्याकडे कुणी उशिरा येत नसे. त्यांच्या लोकांनी मनुरेवात एक जुना बंगला घेऊन त्याचा विहार केला आहे. त्याच्या मागच्या अंगणात त्यांना स्मारक हवं होतं.

"माझ्या आईच्या पिढीतली माणसं तेव्हाच्या राजवटीने बंदुकीच्या धाकाने शेतावर राबायला नेली आणि ती परत आली नाहीत," सोखा म्हणाली. "माझे वडीलही त्यातच गेले. मी तेव्हा पोटात होते. आमच्या विहारात कुणाच्याच घरच्यांच्या अस्थी नाहीत. नवीन वर्षाला फूल वाहायचं तर कुठे वाहायचं?"

तिची आई, म्हणजे याय (ख्मेरमध्ये आजीला याय म्हणतात, आणि तिला सगळेच याय म्हणत), तिची नजर झपाट्याने चालली होती. डॉक्टरांनी डोळ्यांना वर्षभराच्या वर मुदत दिली नव्हती. एप्रिलमधल्या ख्मेर नवीन वर्षापर्यंत स्मारक उभं राहावं, यायला ते डोळ्यांनी दिसावं, एवढंच सोखाचं मागणं होतं.

स्मारकावर चार दिशांना चार चेहरे हवे होते, अंगकोरच्या बायोन मंदिरात आहेत तसे. अंगकोर ही ख्मेर राजांची राजधानी. तिथले शिलालेख संस्कृतात आहेत, भिंतींवर समुद्रमंथन आहे, विष्णूसाठी बांधलेल्या मंदिरात पुढे बुद्ध येऊन बसले आहेत. बायोनच्या शिखरांवर माणसापेक्षा मोठे दगडी चेहरे आहेत, डोळे मिटल्यासारखे आणि ओठांवर किंचित हसू. ते बोधिसत्त्वाचे की राजाचे, यावर अभ्यासक अजून भांडतात.

माझं माहेर वेरूळपासून अर्ध्या तासावर. आमच्या शाळेच्या सगळ्या सहली वेरूळला जायच्या आणि घरी पाहुणा आला की त्यालाही वेरूळच दाखवायचं. माझे बाबा प्रत्येक पाहुण्याला कैलास लेण्यासमोर उभं करून विचारायचे, "एक तरी सांधा दाखवा." पाहुणा गोल फिरून यायचा आणि हरायचा. अखंड डोंगरातून वरून खाली कोरत आणलेलं ते काम, त्यात सांधा असणार कुठून? वर माझं पोट प्रीकास्टवर चालतं आणि तिथे तर दोन भागांमधला सांधा कसा लपवायचा यावरच निम्मा दिवस जातो. त्यामुळे चारही चेहरे मी एकसंध काढले, कुठे रेघ नाही. सोखाला ड्रॉइंग दाखवलं तेव्हा ती म्हणाली, "खूप सुंदर आहे." मी खूश झाले.

क्रेनवाल्याचा फोन झाल्यावर माझा बॉस ग्रँट टेबलापाशी आला. हातात अर्धा खाल्लेला मिन्स पाय होता.

"काप त्याला," तो म्हणाला. "आडवे थर कर. छोटी क्रेन आरामात लावेल. स्वीट अ‍ॅज, एकदम मस्त."

"थर केले तर सांधा ओठांतून जाईल."

"मग?"

"ग्रँट, तो बोधिसत्त्व आहे, वॉटर टँक नाही."

ग्रँट शांतपणे हातातला मिन्स पाय चावत राहिला. माझा आवाज चढला की तो खातो. मग म्हणाला, "ठीक आहे. एक सँपल बनव. हलक्या शेलचं. कस्टमरला दाखवू."

सँपल झालं. थर्माकोलचा पूर्ण मापाचा एक चेहरा मशीनने कापून घेतला, वर सिमेंटचा पातळ थर दिला. खऱ्या कामात मी आत पोकळ, तंतू घातलेलं पातळ काँक्रीट वापरणार होते. वजन निम्म्याखाली येणार होतं. तेही त्या क्रेनला जडच होतं, पण ते गणित मी पुढे ढकललं होतं.

सोखा यायला घेऊन यार्डात आली. याय पायात जँडल्स, म्हणजे रबरी चपला, घालून आली होती आणि यार्डात जँडल्स चालत नाहीत. आमच्याकडचे सर्वात लहान सेफ्टी बूट तिला दोन जोड मोजे घालून बसले. वर पिवळं जॅकेट, ते गुडघ्यापर्यंत आलं. अशी ती त्या चेहऱ्यासमोर जाऊन उभी राहिली. डोळे बारीक करून पाहिलं. मग दोन्ही हातांनी तो चाचपला, कपाळापासून हनुवटीपर्यंत, पुन्हा वर.

"सुंदर आहे," ती इंग्रजीत म्हणाली. मग सोखाकडे वळून ख्मेरमध्ये काहीतरी विचारलं. सोखा लाल झाली.

"काय म्हणाल्या?"

"काही नाही. थँक यू म्हणाली."

थँक यू इतकं लांब नसतं. मी दोघींना ऑफिसात नेलं, चहा केला, आलं घालून. दुसऱ्या कपाला सोखा बोलली.

"ती विचारते, हा कोण? म्हणजे, हा आपला नाही."

मला राग आला, खोटं कशाला बोलू. महिनाभर मी फोटो मोजून भुवईचा बाक काढत होते. पण यायने कप खाली ठेवला आणि माझा हात हातात घेतला. तिच्या बोलण्याचं इंग्रजी सोखा करत होती.

यायचं माहेर मंदिरांच्या जवळच्या गावातलं. तिचे वडील पडलेले दगड पुन्हा रचणाऱ्या टोळीत मजूर होते. ती त्यांचा डबा घेऊन वरच्या गच्चीवर जायची. तिथे चेहरे अगदी हाताशी येतात. "आमच्याकडे आधी दगड रचतात," ती म्हणाली. "एकावर एक घासून घासून बसवतात, मध्ये चुना नाही, काही नाही. सगळं रचून झालं की मग कोरतात. रचताना कुठल्या दगडाचा डोळा होणार, कुठल्याचा ओठ, ते दगडाला माहीत नसतं. म्हणून रेघ ओठांतून जाते, नाकातून जाते. मी लहानपणी त्या रेघेत बोट घालून बसायची." मग ती हळूच म्हणाली, "कोन, मला वाटलं होतं, प्रत्येक घराचा एक दगड असेल."

कोन म्हणजे लेकरू. माझा राग कुठल्या कुठे गेला.

"सोखा, तू हे आधी का नाही बोललीस?"

"तू इंजिनिअर आहेस. इतकं सुंदर काढून आणलंस. तुला नाही कसं म्हणायचं?"

हे मला समजलं. आमच्याकडेही पाहुणीने केलेल्या खारट आमटीला कुणी नावं ठेवत नाही, निमूटपणे भात जास्त घेतात.

मी उठून ग्रँटकडे गेले. "कापतेय," म्हटलं. त्याने फक्त भुवया उंचावल्या. चांगला बॉस आहे.

आता खरं काम सुरू झालं. अंगकोरचे दगड स्वतःच्या वजनावर उभे आहेत. न्यूझीलंडमध्ये जमीन हलते, इथे नुसत्या वजनाच्या भरवशावर काही उभं करू देत नाहीत. म्हणून स्मारकाच्या पायातून स्टीलचे उभे गज वर काढले, प्रत्येक दगडाला भोकं पाडली आणि माळ ओवावी तसे दगड गजांत ओवायचं ठरवलं. भोकांत ग्राउट, म्हणजे पातळ सिमेंट, भरायचं. आत सगळं एकमेकांना घट्ट धरलेलं, बाहेर मात्र प्रत्येक रेघ उघडी. काँक्रीट कोरता येत नाही म्हणून बाहेरचे दगड ओमारूचे घेतले. साउथ आयलंडचा हा पांढरट चुनखडक इतका मऊ आहे की लाकडाच्या करवतीने कापता येतो. आम्ही फक्त पाया आणि आतला गाभा ओतला. दगड बघून ग्रँट म्हणाला, "म्हणजे काँक्रीट कंपनी असून आपण काँक्रीट विकायचं थांबवतोय." पण त्यानेच ओमारूवाल्याशी फोनवर घासाघीस केली.

कौन्सिलने दोनदा प्रश्न विचारले आणि मग परवानगी दिली. क्रेन आली ती इतकी छोटी की शेजारच्या डेअरीवाल्याने (इथे कोपऱ्यावरच्या किराणा दुकानाला डेअरी म्हणतात) मला विचारलं, खेळण्यातली आहे का.

दगड रचायच्या दिवशी झाडून सगळी घरं आली. प्रत्येक घराने आपल्या दगडाच्या मागच्या बाजूला, जी पुढे कधीच दिसणार नव्हती, पेन्सिलीने नावं लिहिली. कुठला दगड कुठे, हे कुणी ठरवलं नाही. जो नीट बसेल तो बसवायचा. यायने नवऱ्याचं नाव स्वतः लिहिलं, मोठ्या अक्षरात, कारण बारीक तिला दिसत नव्हतं. दगड गजावर चढेपर्यंत तिने त्याच्यावरचा तळहात काढला नाही. माझ्या माणसांनी क्रेन तेवढी हळू चालवली.

कोरायला विहारातले भन्ते. भिक्खू होण्याआधी ते शिल्पं कोरायचे. पण हात एकट्याचे, दगड चारही बाजूंनी. एप्रिल तोंडावर आला तेव्हा पूर्वेचा एकच चेहरा झाला होता. बाकी तीन बाजूंना नुसत्या ओबडधोबड चौकोनांची रास. मला ते बघवेना.

"पुढे ढकलू या," मी सोखाला म्हटलं. "अर्धवट काम लोकांसमोर कसं ठेवायचं?"

याय तिथेच बसली होती. सोखाने तिला सांगितलं. याय हसायला लागली, दात नसलेलं मोकळं हसू. "अंगकोरात कितीतरी भिंती अर्ध्याच कोरलेल्या आहेत. म्हणून आमच्या राजांनी कधी नवीन वर्ष ढकललं नाही."

तर नवीन वर्ष वेळेवर झालं. भन्तेंनी त्रिसरण सुरू केलं आणि माझ्याही तोंडून आपोआप निघालं, बुद्धं सरणं गच्छामि. चाल त्यांची वेगळी, माझी वेगळी, शब्द तेच. शेजारच्या बायकांनी वळून पाहिलं, ही आपली कशी? लहानपणी आईबरोबर म्हणायचे तेच मी मनुरेवातल्या एका अंगणात, पायात सेफ्टी बूट घालून म्हणत होते.

मग यायला चेहऱ्यापाशी नेलं. चेहरा मुद्दाम खाली घेतला होता, तिच्या हाताशी येईल असा. तिचे डोळे तोवर बरेच गेले होते. ऊन समोरून होतं, तेवढं तिला दिसत असावं. तिने नाकावरून बोट खाली आणलं, ओठांतली रेघ सापडली, तिच्यातून बोट डावीकडे नेत गेली आणि एका दगडावर थांबली. तो कुठला दगड ते मला माहीत होतं. ड्रॉइंगवर मी खूण करून ठेवली होती, पण तिला सांगायचं धाडस झालं नव्हतं. तिला सांगायची गरजही नव्हती, रचताना तिने त्याच्यावर हात ठेवला होता.

ओठांचा कोपरा. हसू जिथे सुरू होतं तो दगड.

ती सोखाला काहीतरी म्हणाली. या वेळी मी विचारायच्या आधीच सोखाने सांगितलं. "म्हणते, 'हे हसतच नसत. लग्नाच्या दिवशीसुद्धा नाही. आता हसतायत.'" आणि सोखा, जी त्यांना कधी भेटली नव्हती, तिने पुढे होऊन बापाच्या ओठांवर बोटं टेकवली.

बाकीचे तीन चेहरे अजून चालू आहेत. शनिवारी घराघरांतून लोक छिन्न्या घेऊन येतात. मीही गेले होते. पश्चिमेच्या कानाचा तुकडा मी उडवला, भन्तेंनी तिथे कुंडल काढून दिलं. यायला आता दिसत नाही, ती पूर्वेच्या चेहऱ्याशी खुर्ची टाकून बसते, बोट रेघेत.

बाबांना फोनवर हे सगळं सांगितलं. ते म्हणाले, "पण वेरूळला एकही सांधा नाही."

हल्ली नवीन काम आलं की ड्रॉइंगला हात लावण्याआधी मी कस्टमरला विचारते, सांधा लपवायचा आहे की दाखवायचा. वॉटर टँकवाले माझ्याकडे विचित्र नजरेने बघतात. मी तरी विचारते.