आज-काय बाई

ये गं, जवळ बस. आजीच्या घरी आलीस ना, मग पाहुणीसारखी दारात काय उभी? मे महिन्याच्या एक तारखेला मी फोन केला, तर मला म्हणालीस, "आजी, लाँग वीकेंड आहे, लोणावळ्याला चाललोय." महाराष्ट्राचा दिवस तुम्हाला नुसता सुट्टीचा झाला, होय गं? आज-काय बाई असत्या, तर तुझा कान त्यांच्या चिमटीत असता. बस, सांगते.

लालबागच्या या चाळीत मी नवी नवरी म्हणून आले, तेव्हा बाई शेजारच्या खोलीत राहायच्या. परळच्या म्युनिसिपल शाळेत शिकवायच्या. एकट्या, उंच, आणि आवाज असा की गिरणीच्या भोंग्याशी पैज लावावी. सकाळी गॅलरीत भेटल्या की "कशी आहेस" नाही, "चहा झाला का" नाही, पहिला प्रश्न, "आज काय?" म्हणजे आजच्या तारखेला पूर्वी काय घडलं ते सांग. "काही नाही" म्हटलेलं त्यांना खपायचं नाही. "काही नाही असा दिवस देवाने केलेलाच नाही," म्हणायच्या, आणि स्वतःच सांगून मोकळ्या व्हायच्या, "आज फ्रान्सात लोकांनी राजाचा तुरुंग फोडला, आणि आपल्या चाळीत वीज आली." दोन्ही एकाच दमात, एकाच तोलाचं.

तुझ्या आजोबांनी एकदा चेष्टा केली, "बाई, चाळीतली वीज इतिहासात कुठे बसवता?" बाई उसळल्याच. "का हो? तारखा काय फक्त राजांना असतात? आपण काय अधांतरी जन्मतो नि अधांतरी मरतो?" त्यानंतर तुझे आजोबा गॅलरीत बाई दिसल्या की आतूनच दात घासायचे.

तेव्हा संयुक्त महाराष्ट्राचं रान पेटलं होतं. नोव्हेंबरात फाउंटनला मोर्चावर गोळ्या घातल्या, त्यात आमच्याच मजल्यावरचा दत्ताराम सापडला. मालवणकडचा, गिरणीत साचेखात्यात, मागावर कामाला. मांडीत गोळी शिरली. जखम चिघळत गेली, ताप काही उतरेना, आणि शिमगा झाल्यावर तो खाटेवरच गेला. मागे बायको सुशीला आणि तिच्या कडेवरची मुलगी.

पुढे राज्य मिळालं त्या दिवशी बाईंना आनंद आवरेना. "अगं, कामगारांचा दिवस तोच नि राज्याचा दिवस तोच! दिल्लीने दान नाही दिलं हे, भांडून घेतलंय." येईल त्याच्या तोंडात साखर कोंबत होत्या. मग वॉर्डातल्या पुढाऱ्यांनी मैदानात सभा ठरवली. हुतात्म्यांची नावं व्यासपीठावरून घ्यायची, घरच्यांना लुगडं-नारळ द्यायचा. सुशीलेला मात्र बोलावणंच नाही. बाई तिला घेऊन तडक पुढाऱ्याच्या दारात. मीही मागोमाग.

तो पान चघळत म्हणाला, "बाई, गोळीबार नोव्हेंबरातला, हा गेला शिमग्यात. तारीख जुळत नाही. तापाने गेला तो."

"ताप काय डास चावून आला? गोळी कुठल्या तारखेची ते बोला!"

"असं धरायला लागलो तर उद्या कुणीही उठेल."

"गिरणीत उशीर झाला की खाडा मांडतात. तुम्ही तर माणसाला मरायला उशीर झाला म्हणून खाडा मांडलात! लाज नाही वाटत?"

तो जरा नरमला. आवाज खाली आणून म्हणाला, "बरं, वहिनींना लुगडं घरी पाठवतो. बोभाटा नको."

सुशीला कधी मान वर करून न बोलणारी. पण त्या दिवशी बोलली, "माका लुगडा नको, नारळ नको. तेंचा नाव कित्याक नाय?"

आजही ते आठवलं की तळपायाची आग मस्तकात जाते बघ. ज्यांच्या जिवावर खुर्च्या मिळाल्या, त्यांचीच मरणं हे तपासायला बसले!

सभेत नावं घेऊन झाली, टाळ्या झाल्या, आणि बायकांच्या गर्दीतून बाई उभ्या राहिल्या. "साचेखात्यातला दत्ताराम!" बिल्लेवाला स्वयंसेवक धावत आला, "बाई, खाली बसा." "बसते. आधी नाव घ्या." मग समोरच्या बौद्धांच्या चाळीतली एक म्हातारी उठली नि ओरडली, "दत्ताराम!" मग तिची सून, मग मी, मग बायकांचा अख्खा घोळका. पुढाऱ्याने घाईघाईने राष्ट्रगीत सुरू करायला लावलं, तेव्हा आम्ही थांबलो. पण व्यासपीठावरून नाव घेतलं गेलं नाही ते नाहीच. आजतागायत नाही.

तेव्हापासून दर वर्षी गोळीबाराच्या तारखेला बाई सकाळी गॅलरीत उभ्या राहून दत्तारामचं नाव घ्यायच्या, आणि सुशीला दारात दिवा लावायची. चाळीचा मालक एकदा कुरकुरला, "काय हा आरडाओरडा?" बाई म्हणाल्या, "आवाज भाड्यात धरलेला आहे."

निवृत्त झाल्यावर बाई कोकणात भाच्याकडे गेल्या आणि तिकडेच वारल्या. भाचा पुढे कधीतरी मुंबईला आला, तेव्हा त्याच्याकडून कळलं. मी विचारलं, "कुठल्या तारखेला रे?" तर डोकं खाजवत म्हणतो, "गणपतीच्या आसपास असेल, नक्की आठवत नाही." जिने उभ्या चाळीला तारखा दिल्या, तिची तारीख घरच्यांना ठाऊक नाही! दोन थोबाडीत द्याव्याशा वाटल्या. दिला चहा.

सुशीलाही गेली. आता गॅलरीत उभी राहून मीच नाव घेते. पण गेल्या वर्षी खालून जाणाऱ्या एकानेही मान वर केली नाही. माझा आवाजच पोचत नाही गं आता. तुझा गळा चांगला खणखणीत आहे. नोव्हेंबर जवळ आलाय. गोळीबाराच्या तारखेच्या आदल्या दिवशीच ये, मुक्कामाला ये, मी पेज आणि सुकटीची चटणी करते. सकाळी आपण दोघी गॅलरीत उभ्या राहू. येशील ना गं?