पाठीचे फोटो

टेलरमावशींचा हात कात्रीवर पक्का आणि जीभ त्याहून धारदार. "पोट आत ओढून माप देऊ नका, घरी गेल्यावर ते बाहेर येणारच," असं त्या तोंडावर सांगत. तरी बायका त्यांच्याकडेच येत, कारण मापाच्या खोलीतलं तिथेच राहायचं. अर्धवट शिवलेला कपडा अंगावर चढवला की मावशी मागून फोटो काढत आणि पाठीवर कुठे चुणी पडते ते दाखवत. "माझ्या फोनबाहेर जायचा नाही," हे त्यांचं ठरलेलं वाक्य.

मापं टाकली की कापणी आखून देणारं एक अ‍ॅप त्यांना हवं होतं, पण ते विकतचं. धाकटे दीर, म्हणजे भाऊजी, सगळ्यातलं थोडंथोडं जाणणारे. त्यांनी फोन जेलब्रेक केला, म्हणजे कंपनीने घातलेलं कुलूपच काढून टाकलं, आणि कुठल्याशा साइटवरून तेच अ‍ॅप फुकटात चढवून दिलं. मावशींनी खुशीत त्यांना शर्ट शिवून दिला.

मग फोन तापू लागला. नेट दुपारीच संपायला लागलं. दुरुस्तीवाल्याने तपासून सांगितलं, "कुलूप काढलंत म्हणजे पहाराच उठवलात. या अ‍ॅपवर मूळ कंपनीची डिजिटल सही नाही. मधे कोणीतरी हात घातलाय. ते तुमचे फोटो बाहेर पाठवतंय."

"किती गेले?"

"सगळे गेले असं धरून चाला. फोन पुसून देतो, पण गेलेले परत येत नाहीत."

"आता प्रत्येकीला सांगायला हवं," मावशी म्हणाल्या. सोबत आलेल्या भाऊजींचं तोंड एवढंसं झालं. "वहिनी, बोभाटा कशाला करताय? चेहरे थोडेच आहेत त्यात? कोणाला कळणार?"

"मला कळलंय ना!" मावशी कडाडल्या. खरा राग स्वतःवरच होता.

आधी त्यांनी शाळेतल्या बाईंना बोलावलं. बाईंच्या पाठीवर भाजल्याचे मोठे व्रण होते. वर्षानुवर्षं त्या मानेपर्यंत बंद कपडे शिवून घेत आणि फोटोला नाहीच म्हणत. गेल्या खेपेला मावशींच्या भरवशावर पहिल्यांदा हो म्हणाल्या होत्या.

मावशींनी काही न लपवता सगळं सांगितलं. बाईंनी टेबलावरचं आपलं न कापलेलं कापड घडी घालून पिशवीत ठेवलं.

"सांगितलंत ते बरं केलंत," दारातून त्या म्हणाल्या आणि गेल्या.

मावशींना रडू फुटलं. पदराने डोळे पुसून त्यांनी पुढच्या गिऱ्हाइकाला फोन लावला.