वऱ्हाडीत बोलणारा कोरियन डॉक्टर

डिसेंबरातला दुसरा शनिवार. हजर: चित्रमंडळाची चिटणीस मी, प्रोजेक्टर सांभाळणारे प्रकाशराव आणि अमरावतीत सामील झालेल्या विशाखाताई. ताई अमरावतीजवळच्या भातकुलीच्या, तहसिलीतून निवृत्त. स्वतःच्या पटकथा स्वतःच लिहिणारा एक कोरियन दिग्दर्शक आमच्या मंडळाचा लाडका. त्याच्या पहिल्या चित्रपटाची उपशीर्षके ताईंनी वऱ्हाडीत केली होती. मंडळाने बजावले होते, अमरावती आणि अकोल्याचे खेळ पाहू. लोकांना रुचले नाही तर पुढचे चित्रपट प्रमाण मराठीत.

नाशिकहून अकोला ओलांडून आधी अमरावती गाठली, कारण सभागृह तसे मिळाले. गिला वडा (दह्यात भिजवलेला) खाल्ला आणि कामाला लागलो. दिग्दर्शकाची ओळख मी माझ्या नाशिकच्या मराठीत करून दिली. चित्रपटात बाप शेवटच्या घटका मोजतोय, सेऊलचा डॉक्टर मुलीला म्हणतो, "आता काई उरलं नाई, बाई. घरी घेऊन जा." सभागृह खदखदून हसले. ताई उठून बाहेर गेल्या.

खेळ सुटल्यावर एक गृहस्थ त्यांना म्हणाले, "रागावता काहून, ताई? वऱ्हाडी आली का हसाचंच असते. एवढा मोठा डॉक्टर आपल्यावानी बोलते व्हय?"

दुसऱ्या दिवशी जीपने अकोल्याला निघालो. दोन्ही बाजूंना तूर आणि फुटलेला कापूस. मूर्तिजापूरच्या अलीकडे टायर पंक्चर झाले. पंक्चरच्या दुकानाच्या बाकावर बसून मी सुचवले, निदान डॉक्टरचे बोलणे प्रमाण करू.

"मंग पोरगी गावंढळ अन् तो शायना दिसन," ताई म्हणाल्या. "तिकडं दोघं एकच भाषा बोलून राह्यले. आज ओळख मी करून देतो. तुमी खाली बसा."

अकोल्यात त्या माइकपुढे उभ्या राहिल्या. एकही विनोद केला नाही. "यानं कितीक वर्षं दुसऱ्याईचे पिच्चर लिवले. नाव कुठंच नाई. मंग सोताचा काढला, तो पडला. लोक म्हनत, शेवट बदल. यानं नाई बदलला. त्याचा बाप असाच दवाखान्यातून घरी आनला होता. आज तोच पिच्चर जगभर दाखवतात." याच माणसावर मी इतकी भाषणे केली; त्याची जिद्द मला त्या दिवशी कळली.

डॉक्टरचे वाक्य आले. कुणीतरी खोकले, तेवढेच.

परतल्यावर मंडळाने वऱ्हाडी मान्य केली. एखादी भाषा गंभीर आहे की नाही, हे बहुधा ऐकणाऱ्याच्या सवयीवर अवलंबून असते. मी फोनवर ताईंचे अभिनंदन केले, तर त्या म्हणाल्या, "अकोल्याचं ठीक हाय. पन हसले ते माह्ये लोक व्हते. अमरावतीत अजून एक डाव दाखवा."

सभागृहाची तारीख अजून मिळायची आहे.