मावशी कुठे गेली?

२००७ साल, साउथहॅम्प्टन, शनिवारची दुपार. आईला घेऊन मी सिनेमाला गेले होते... तोही जपानी, आणि मुका!

झालं असं, की नागपूरहून सहा महिन्यांसाठी आलेली आई दोनच महिन्यांत "माझं तिकीट अलीकडचं कर" म्हणायला लागली. हीटिंग आहे, स्वतंत्र खोली आहे... काय कमी पडतंय ते मला काही केल्या कळेना. इंग्रजीमुळे कंटाळली असेल, असं मीच ठरवून टाकलं. मूकपटात भाषेचा प्रश्नच नाही, म्हणून हा घाट.

दारात मिळालेल्या पत्रकात गोष्ट होती, पण अर्धीच. एक योद्धा राक्षसाचा हात तोडून पेटीत बंद करतो. मग त्याला लहानाचं मोठं करणारी मावशी गावाहून भेटायला येते... पुढचं पडद्यावर बघा म्हणे.

बघितलं. पियानो वाजत होता, चित्र थरथरत होतं, मधल्या पाट्या जपानीत. मावशी रडली, त्यानं दार उघडलं, पेटी दाखवली... आणि एकदम मावशी गायब! तिच्या जागी शिंगवाला राक्षस, स्वतःचा हात उचलून छपरातून पसार.

माझं डोकंच चालेना. मावशीला खाल्लं की काय? शेजारच्या इंग्रज आजीबाई तर माझ्याकडेच बघत होत्या, जसं काही मला जपानी येतं.

परतताना बसमध्ये शेवटी आईलाच विचारलं, "मावशी कुठे गेली गं?"

"मावशी नव्हतीच ती. आली तेव्हापासून राक्षसच होता."

"तुला कसं कळलं?"

"अगं, इतक्या दिवसांनी आली, पण एकदा धड त्याच्या तोंडाकडे बघितलं नाही तिनं. सगळं लक्ष त्या पेटीत."

मी हसले... आणि हसता हसता थांबले. ऑफिसातून आले की मी लॅपटॉप उघडायचे. आई ताट पुढे ठेवून काहीबाही सांगायची, मी स्क्रीनकडे बघत नुसतं "हं, हं" करायचे. दोन महिने रोज हेच. आईनं टोमणा मारला की खरंच सिनेमाचं सांगितलं, तेही कळेना.

घरी आल्यावर लॅपटॉप बॅगेतच राहू दिला. आईसमोर बसले आणि म्हटलं, "बोल."

आईनं मला नीट न्याहाळलं. "शिंगं गेली वाटतं," म्हणाली.

तिकिटाचा विषय पुन्हा निघाला नाही. सहा महिने पूर्ण करूनच गेली ती... त्या राक्षसाचे उपकार मी अजून विसरलेले नाही.