स्केलकाकांची गल्ली

स्केलकाकांसमोर "जवळच आहे" असं म्हणायची सोय नव्हती. ते लगेच विचारायचे, "किती जवळ?" त्यांच्या शर्टाच्या खिशात पेनाशेजारी सहा इंची स्टीलची पट्टी कायम असे. आमच्या जबलपुरात पट्टीला सगळे स्केलच म्हणतात, त्यामुळे त्यांचं नावही तेच पडलं. एका लग्नाच्या पंगतीत त्यांनी पानातली पुरी मोजली होती, असं लोक सांगत. ते खोटं असावं. पण माझ्या दहावीच्या भूमितीच्या वहीतला मिलिमीटरभर फरक त्यांनी नुसत्या डोळ्यांनी पकडला होता, हे मी स्वतः पाहिलेलं आहे. "अंदाज म्हणजे आळस," ते म्हणायचे. "मोजायचा कंटाळा आला की माणूस अंदाज करते."

काका सरकारी कारखान्यात ड्राफ्ट्समन होते. त्यांचे वडील भंडाऱ्याकडून मजुरीसाठी इकडे आले आणि दीक्षितपुऱ्यात, आमच्या घराच्या मागच्या गल्लीत राहिले. तेवीस घरं, एक हातपंप आणि टोकाला पत्र्याच्या छपराचं लहानसं बुद्धविहार, एवढीच ती गल्ली. आमचं घर पुढे, मोठ्या रस्त्यावर. आमचे कोणी पूर्वज मराठ्यांच्या चाकरीत आले आणि इथलेच झाले, हे आमच्याकडे येणाऱ्याजाणाऱ्याला ऐकवलं जाई. मागची गल्ली पन्नास पावलांवर होती, पण माझ्या आजोबांच्या काळात आमच्यातलं कोणी तिथं गेलं नव्हतं. मी गेले, कारण मला गणित येत नव्हतं.

तीन वर्षं मी त्यांच्याकडे शिकले. ते रागावत नसत. चूक झाली की वही माझ्याकडे फिरवून गप्प बसत; ती चूक मला सापडेपर्यंत काकूंचा चहा होऊन जाई. एकदा त्यांनी कारखान्यात पाहिलेल्या शहराच्या जुन्या नकाशाची गोष्ट सांगितली. त्यात बडा फुहारा हे बाजारातलं मोठं कारंजं होतं, देवळं होती, आमच्या रस्त्यावरची घरंही होती. त्यांच्या गल्लीच्या जागी मात्र कोरा कागद होता. "मी तर तिथंच जन्मलो ना बाप्पा," ते हसत म्हणाले, "मग काय कागदावर जन्मलो?" मीही हसले. मला तेव्हा तो विनोद वाटला होता.

ते निवृत्त झाले त्याच सुमाराला त्यांच्या नातीला कोणीतरी वाढदिवसाला प्लास्टिकच्या ठोकळ्यांचा डबा दिला; एकमेकांत बसणारे, वर गोल बटणं असलेले ते ठोकळे. नात दोन दिवसांत कंटाळली, काका नाही. त्यांनी एक बटण म्हणजे दोन फूट असं प्रमाण ठरवलं आणि बडा फुहाऱ्यापासून आपल्या गल्लीच्या टोकापर्यंतचा सगळा भाग बांधायला घेतला. ठोकळे कमी पडले तेव्हा नातेवाइकांच्या घरी माळ्यावर पडलेले डबे मागून आणले. आधी मापं घ्यायची होती. आपलं पाऊल सव्वीस इंचांचं आहे हे त्यांना माहीत होतं, म्हणून ते बाजार उघडायच्या वेळी पावलं मोजत आणि वहीत आकडे टिपत फिरू लागले. कापडवाल्यांची झोपच उडाली. रस्ता रुंद होणार, दुकानं तुटणार, अशी आवई उठली आणि दोघेतिघे घरी येऊन काकूंना विचारून गेले, "भाभीजी, सच बताइए, किसकी दुकान जा रही है?"

आठ महिन्यांनी त्यांनी मला बोलावून नेलं. मी तोवर शहरातल्या एका संग्रहालयात कंत्राटी नोकरीला लागले होते. वस्तूंच्या पाट्या लिहायचं काम. त्यांच्या दिवाणावर प्लायवूडच्या फळीवर सगळं उभं होतं. मधे कारंजं, मग दुकानं, मग आमचं घर, त्याचा सज्जासुद्धा. आणि मागे ती गल्ली. दर घराचा दरवाजा ज्या रंगाचा खरोखर होता त्याच रंगाचा. हातपंपाला दांडा होता. विहाराचं छप्पर त्यांनी तीन वेळा मोडून केलं होतं, कारण उतार चुकत होता.

त्याच उन्हाळ्यात आमच्या संग्रहालयात ठोकळ्यांच्या छोट्या दुनियांचं प्रदर्शन येणार होतं. मुलांना सुट्ट्या, सगळ्या कुटुंबानं पाहावं असं काहीतरी. बाहेरगावची मंडळी बर्फाचे डोंगर, बंदर, किल्ले असं बरंच घेऊन येणार होती आणि आमच्या ऑफिसच्या साहेबांना एक स्थानिक कोपरा हवा होता. मी काकांचं नाव सुचवलं. ते आधी नको म्हणाले. मग म्हणाले, "ठेवतील ना नीट?" मी म्हटलं, मी आहे ना.

फळी टेम्पोतून नेली, तेव्हा ते मागे तिच्याशेजारी बसले आणि चालकाला ताशी दहाच्या वर जाऊ दिलं नाही.

उद्घाटनाच्या आदल्या दुपारी मांडणी करणाऱ्या बाईंनी टेबल लावलं, ते फळीपेक्षा आखूड निघालं. फळी दोन भागांत जोडलेली होती, त्यामुळे मागचा तुकडा सहज सुटत होता. बाई म्हणाल्या की तसाही मागचा भाग फार दाटीवाटीचा दिसतो, मुलांना काही रंगीत हवं. त्यांच्याकडे एक आकाशपाळणा तयार होता. तो त्यांनी आमच्या घराच्या मागे ठेवला, दोन पावलं मागे जाऊन पाहिलं आणि मला विचारलं, "मॅडम, चलेगा ना?" साहेब तिथंच फोनवर बोलत उभे होते. माझ्या मुदतवाढीचा अर्ज त्यांच्या टेबलावर होता.

मी म्हटलं, चलेगा.

काकांना त्या संध्याकाळी फोन करायला हवा होता. केला नाही. उद्घाटनाच्या गर्दीत त्यांच्या लक्षात येणार नाही, असा मी अंदाज केला.

ते सकाळी आले. इस्त्रीचा पांढरा शर्ट, काकू मोरपंखी साडीत, नात दोघांच्या मधे. ऑफिसच्या दारातून या असं मी सांगून ठेवलं होतं, पण ते सगळ्यांबरोबर रांगेत उभे राहिले. प्रत्येक टेबलाशी थांबले. बंदरावरच्या क्रेनचं कौतुक केलं. एका पुलाचा खांब चुकीच्या जागी आहे, असला पूल खरा बांधला तर पडेल, हे त्यांनी ओळख ना पाळख अशा दोन मुलांना समजावून सांगितलं. मी पाच हातांवर होते. जाऊन त्यांना थांबवावं, आधीच सांगावं, असं वाटत होतं आणि मी एका शाळेच्या बाईंना पाण्याची जागा दाखवत होते.

आमच्या टेबलाशी नात पुढे गेली. तिनं कारंजं ओळखलं, दुकानं ओळखली, माझं घर ओळखलं. मग ती टेबलाला वळसा घालून मागे गेली आणि परत आली. "आबा, अपनी गली किधर गई?"

काकांनी खिशातली पट्टी काढली आणि वाकून पाळण्याची जागा मोजायला लागले. रखवालदार धावत आला. "अंकल, छूना मना है." काकांनी त्याला "अच्छा भैया" म्हटलं आणि हात मागे घेतला. काकू माझ्याकडे पाहत होत्या.

टेबलावरची पाटी मीच लिहिली होती. आपलं जबलपूर, आणि खाली काकांचं पूर्ण नाव, ठळक अक्षरांत. ते त्यांनी नीट वाचलं. मग माझ्याकडे आले आणि कोणाला ऐकू जाणार नाही इतक्या हळू म्हणाले, "माझं नाव काढून टाक. हे मी केलेलं नाही."

मी काहीतरी सांगू लागले, टेबल, जागा, साहेब. त्यांनी मधेच थांबवलं. "काहून सांगून राहिली? तुला माहीत होतं ना?"

मी हो म्हटलं. त्यांनी मान हलवली, उत्तर बरोबर आल्यावर हलवायचे तशी. ते गेल्यावर मी नावावर पांढरा कागद चिकटवला.

प्रदर्शन महिनाभर चाललं आणि पाळण्यापाशी सगळ्यात जास्त गर्दी झाली. शेवटी बाहेरच्या मंडळींनी आवराआवर केली, त्यात काकांचंही सगळं आवरलं. मी पोचले तोवर पिशव्या भरून तयार होत्या. लाल ठोकळे वेगळे, पांढरे वेगळे, निळे वेगळे. खोक्यात ठेवलेला मागचा तुकडाही त्यांनी सोडवून रंगांप्रमाणे लावला होता. धुऊनसुद्धा दिलं आहे, असं त्यांनी मला आनंदानं सांगितलं.

त्या पिशव्या मीच ऑटोतून घेऊन गेले. काकांनी त्या दारातच घेतल्या. आत बोलावलं, चहा दिला, माझ्या आईची तब्येत विचारली. पुन्हा बांधणार का, असं मी विचारलं, तेव्हा म्हणाले, "एकदा नक्शा दिला की दिला. पुन्हा पुन्हा नसते देत." त्यांच्या आवाजात राग शोधायचा मी खूप प्रयत्न केला. तो असता तर मला बरं वाटलं असतं.

पुढच्या वर्षीच्या थंडीत ते गेले. छातीत कळ आली, नेपियर टाउनच्या डॉक्टरांकडे नेईपर्यंत संपलं होतं. मी भेटायला गेले, तेव्हा पिशव्या दिवाणाखाली होत्या, गाठी तशाच. काकू म्हणाल्या, "तुझ्याबद्दल वाकडं नाही बोलले कधी. म्हणत होते, पोरीची नोकरी कच्ची आहे, तिला कशाला बोलायचं." हे ऐकवून त्यांना मला धीर द्यायचा होता की आणखी काही, हे मला अजून ठरवता आलेलं नाही.

माझी नोकरी पुढे पक्की झाली. या वर्षी साहेब निवृत्त झाले. निरोप समारंभात आम्ही खोव्याची जलेबी मागवली होती. ते खुशीत होते, एकेका प्रदर्शनाची आठवण काढत होते. ठोकळ्यांचं नाव निघालं, तेव्हा मी पहिल्यांदाच त्यांना सगळं सांगितलं. ती गल्ली, काका, पाळणा.

साहेबांना खरंच वाईट वाटलं. "अरे, तब बोलना था ना आपको," ते म्हणाले. "दूसरी टेबल जोड़ देते. पीछे गोदाम में चार पड़ी थीं."

दुसऱ्या दिवशी मी गोदामाची किल्ली मागून घेतली. टेबलं भिंतीला टेकवून उभी केलेली होती. मी मोजली. चार होती.